मुलगी असणे हा संदर्भ नव्हे

१

बोरीवलीच्या एका वाचनालयाच्या वरच्या मजल्यावर दर महिन्याच्या दुसऱ्या रविवारी आम्ही सातआठ जण जमतो आणि मराठी ज्ञानकोशाची झाडलोट करतो. इंटरनेटवरचा ज्ञानकोश, ज्यात कुणीही लिहावं आणि कुणीही खोडावं. मी तिथली प्रचालक, म्हणजे लिहिणाऱ्यांवर डोळा ठेवणारी. मुलुंडच्या एका कॉलेजात मी एकतीस वर्षं ग्रंथपाल होते. विधानाखाली संदर्भ नसला की मला अन्न गोड लागत नाही. सगळे मला संदर्भकाकू म्हणतात, आणि या प्रकरणाआधी मी ते मिरवायचे.

त्या रविवारी दोन निवृत्त शिक्षिका पहिल्यांदा आल्या होत्या. त्यांना मी माझा नेहमीचा धडा दिला. लॉगिन न करता भोपळ्याचा लेख उघडला, 'भोपळा मूळचा मुलुंडचा आहे' असं ठोकून दिलं, वाक्याच्या शेवटी 'संदर्भ हवा' ही खूण लावली आणि मग सगळं उलटवून टाकलं. "बघा, घाण करायला एक मिनिट, पुसायलाही एकच," मी म्हटलं. त्या दोघी हसल्या. या धड्याला लोक नेहमीच हसतात.

तेवढ्यात जिन्यावरून साठीच्या एक बाई आल्या. चाफेकळी नाक, दम लागलेला, हातात कापडी पिशवी.

"'मृणालिनी मुलुंड' या नावानं लिहितं ते कोण?"

"मीच. मृणालिनी गुप्ते."

त्यांनी पिशवीतून एक कागद काढून माझ्यापुढे ठेवला. ज्ञानकोशातलं एक छापलेलं पान होतं, 'दशरथ मेस्त्री' या लेखाचं. गोरेगावच्या एका स्टुडिओत सिनेमाचे पडदे रंगवणारे कलाकार, जन्म १९३४, मृत्यू १९९६. एका वाक्याखाली लाल पेनानं रेघ मारली होती.

'१९७८ साली गटारीच्या दिवशी दारूच्या नशेत त्यांच्या हातून टर्पेंटाइनचा डबा पेटला आणि स्टुडिओचा मोठा फ्लोअर जळून खाक झाला.'

"मी जयंती सावंत. दशरथ मेस्त्री माझे बाबा. हे वाक्य मी गेल्या महिन्यात चार वेळा खोडलं. चारही वेळा तुम्ही परत आणलंत. पाचव्यांदा मला दारच बंद केलंत."

मला आठवलं. त्यांनी कारण म्हणून लिहिलं होतं, 'मी त्यांची मुलगी आहे, मला माहीत आहे.' त्याखाली मी उत्तर दिलं होतं, 'मुलगी असणे हा संदर्भ नव्हे.' त्या उत्तरावर मी खूश होते. आमच्या गटावर ते टाकलंही होतं, वर चार जणांचे अंगठे आले होते.

"जयंतीताई, वाक्याला दोन छापील संदर्भ आहेत," मी म्हटलं. "एक वर्तमानपत्र, एक पुस्तक. तुमच्याकडे छापील काही आहे का?"

"माझ्याकडे आई आहे," त्या म्हणाल्या. "शहाऐंशी वर्षांची. आग लागली भोगीच्या दिवशी, संक्रांतीच्या आदल्या दिवशी. आईनं भोगीची भाजी केली होती, ती तशीच राहिली. बाबांनी आतल्या दोन लाइटमनना ओढून बाहेर काढलं. दोन्ही हात भाजले. नंतर बोटं वळेनात, ब्रश धरता येईना. अठरा वर्षं त्याच स्टुडिओच्या गेटवर वॉचमन म्हणून बसले, आणि दारूचा थेंब कधी घेतला नाही त्यांनी."

भोपळा अजून पडद्यावर होता.

"स्टुडिओवाले पडदे रंगवायला शिकवायचा एक वर्ग काढतायत. त्याला बाबांचं नाव द्यायचं ठरलं होतं. मग एका ट्रस्टीनं तुमचं हे पान सगळ्यांना दाखवलं. ज्यानं स्टुडिओ जाळला त्याचं नाव कसं द्यायचं म्हणतात. पुढच्या शुक्रवारच्या नंतरच्या शुक्रवारी शेवटची मीटिंग आहे." त्यांनी कागदाची घडी घातली. "बारा दिवस आहेत, मॅडम."

त्या जिना उतरल्यावर माझ्या डोक्यात एकच गोष्ट घोळत राहिली. आग भोगीला, म्हणजे जानेवारीत. गटारी येते आषाढ संपताना, जुलै-ऑगस्टात. मग छापील दुनियेत ही गटारी शिरली कुठून?

२

पहिला संदर्भ २०१४ मधला होता. वर्तमानपत्राच्या रविवारच्या पुरवणीतला लेख, लेखिका अनुपमा दळवी. ती आता अंधेरीत त्याच दैनिकाच्या पुरवण्या सांभाळते. तिनं मला कॅन्टीनमध्ये बसवलं आणि माझ्याआधीच अपराध्यासारखा चेहरा केला.

"कोणाला विचारून लिहिलं होतंस?" मी विचारलं.

"मॅडम, खरं सांगू? तेव्हा मी नवीन होते. ऐंशीव्या जयंतीनिमित्त चारशे शब्द, दोन तासांत. स्टुडिओत फोन केला, कोणी उचलला नाही. मग तुमच्या ज्ञानकोशावरून घेतलं."

"पण त्या वाक्यावर 'संदर्भ हवा' अशी खूण होती!"

"होती ना. पण ती खूण कशी छापणार? वाक्य छापलं." तिनं चहाचा कप फिरवला. "मुलीचं पत्र आलं होतं नंतर. संपादक म्हणाले, घरचे लोक असंच म्हणतात. मीही गप्प बसले. नोकरी नवी होती यार, काय करणार?"

तिच्यावर डाफरायला मी तोंड उघडलं आणि तसंच मिटलं. कारण पुढचं मला दिसलं होतं. २०१४ च्या त्याच महिन्यात कुणीतरी तिच्या लेखाचं कात्रण त्या वाक्याला जोडून 'संदर्भ हवा' काढून टाकलं होतं. ते कुणी काढलं हे पाहायला मला ज्ञानकोश उघडावा लागला नाही. त्या वर्षी मी शंभर लेखांना संदर्भ जोडायचा विडा उचलला होता. हा त्यातला एकसष्टावा.

म्हणजे आमच्या पानावरून पेपरात गेलं, आणि पेपरातून मीच ते पुरावा म्हणून आमच्या पानावर आणलं. कॅन्टीनमध्ये बसल्या बसल्या माझे कान तापले.

पण पहिल्यांदा ते लिहिलं कुणी, हे तर अजून कळलंच नव्हतं.

३

दुसरा संदर्भ होता चंद्रप्रकाश सामंतांचा. गोरेगावच्या स्टुडिओंच्या इतिहासावरचं त्यांचं पुस्तक २०१६ साली निघालं. पान एकशे बारा. गृहस्थ ऐंशीच्या घरातले, गोरेगाव पूर्वेला चौथ्या मजल्यावर एकटे राहतात. घरात फायलींचे गठ्ठे, आणि संगणक कुठेच नाही.

"आग कशानं लागली, सामंतसाहेब?"

"लिहिलंय की पुस्तकात."

"कोणाकडून कळलं?"

"पेपरात आलं होतं. शिवाय तुमच्या ज्ञानकोशाची प्रत नातीनं काढून दिली होती, त्यावर पेपरचा हवालाही होता." ते जरा तडकून म्हणाले, "हवाला बघूनच लिहितो मी."

तो हवाला मीच दिला होता, हे मी सांगितलं नाही. त्यांच्यावरच रोखून विचारलं, "स्टुडिओच्या वायरिंगचं कंत्राट तेव्हा कोणाकडे होतं?"

म्हाताऱ्याचा चेहरा उतरला. पुस्तकाच्या ऋणनिर्देशात मी वाचलं होतं की त्यांचे काका स्टुडिओत विजेचं काम बघायचे. पेंटरवर खापर फुटलं की वायरमन सुटतो, असं माझं साधं गणित होतं. खरं सांगते, त्या क्षणी मला आनंद झाला. गुन्हेगार सापडला आणि तो मी नव्हते.

सामंत उठले, गुडघ्यांवर हात टेकत खालच्या कप्प्यातून एक फाइल काढली आणि पिवळं पडलेलं कात्रण माझ्या हातात दिलं. १४ जानेवारी १९७८. 'गोरेगावात स्टुडिओला आग. शॉर्ट सर्किटमुळे लागल्याचा प्राथमिक अंदाज. दोन कामगारांना वाचवताना एका पेंटरचे दोन्ही हात भाजले.' नाव नव्हतं.

"म्हणजे तुमच्याजवळ हे होतं!"

"होतं. काका गेले, पण चुलतभाऊ आहेत, त्यांची मुलं आहेत. त्या पेपरात दुसरं कारण छापून आलेलं दिसलं तेव्हा म्हटलं, बरं झालं." ते खाली बघत म्हणाले. "ते वाक्य मी बनवलं नाही, बाई. आयतं मिळालं, ते उचललं. घेऊन जा कात्रण. माझी लाज झाकून आता काय करायचंय?"

ज्या माणसाला धरायला गेले होते त्यानं पुरावा माझ्या हातात ठेवला होता. आता एकच जागा उरली, त्या वाक्याची जन्मनोंद.

४

ज्ञानकोशाच्या प्रत्येक लेखाला एक 'इतिहास' असतो. कुणी, कोणत्या तारखेला, किती वाजता काय लिहिलं, सगळं राहतं. मी तो स्वतः का नाही उघडला, असं कुणीही विचारेल. मलाही आता विचारावंसं वाटतं. तेव्हा मी म्हटलं, डोळे दुखतात, आणि घाटकोपरला यज्ञेशकडे गेले. यज्ञेश सॉफ्टवेअरवाला, तिशी ओलांडलेला. ज्ञानकोशावर लिहायला तो माझ्याच हाताखाली शिकला.

"काकू, हे बघा." त्यानं लॅपटॉप माझ्याकडे वळवला. "आधी लेख पाच ओळींचा होता. त्यात एवढंच की, १९७८ च्या आगीनंतर त्यांनी पडदे रंगवणं सोडलं. मग शनिवार, ३० जुलै २०११, सकाळी अकरा बेचाळीसला हे वाक्य येतं. सदस्याचं नाव नाही, लॉगिन केलेलं नाही. नुसता कॉम्प्युटरचा नंबर."

"कोणीतरी दुष्मन असेल."

"नाही ना! ऐका. अकरा त्रेचाळीसला त्याच नंबरावरून 'संदर्भ हवा' ही खूण लागली." तो माझ्याकडे बघत राहिला. "खोटं घुसवणारा माणूस स्वतःच्याच खोट्याला पुरावा मागेल का, काकू?"

"अजून आहे. या नंबरावरून दोन वर्षांत नऊ वेळा असं झालंय. दरवेळी शनिवार. दरवेळी कुठल्यातरी छोट्या लेखात एक येडचाप वाक्य. मग खूण. मग दोन मिनिटांत उलटवलेलं. आठ वेळा उलटवलं." त्यानं बोट ठेवलं. "नवव्यांदा राहिलं."

"नंबर कुठला?"

"मुलुंडचा. कॉलेजचा आहे." त्यानं कॉलेजचं नाव वाचलं. माझंच कॉलेज.

भिंतीवर कालनिर्णय लटकत होतं. यज्ञेशनं लॅपटॉपवर २०११ चं पंचांग काढलं. आवाज अगदी हळू झाला होता त्याचा. "तीस जुलैला आषाढी अमावास्या. गटारीच होती त्या दिवशी. ज्यानं लिहिलं त्याला आगीची तारीख माहीतच नव्हती. त्या दिवशी जे डोक्यात होतं ते लिहिलं."

आणि मला सगळं दिसलं. कॉलेजचं वाचनालय, अठरा मुलंमुली, भिंतीवरचा पडदा. मी म्हणतेय, "आता मी इथे काहीतरी धडधडीत खोटं घालते." मागच्या बाकावरून एक जण ओरडतो, "मॅडम, गटारी घाला!" वर्ग खिदळतो. मी टाइप करते. दारूच्या नशेत, टर्पेंटाइनचा डबा. मुलं बाकं वाजवतात. एवढी दाद मला एकतीस वर्षांत मिळाली नव्हती. मी खूण लावते, आणि उलटवणार एवढ्यात शिपाई दारात येतो, प्राचार्यांचे पाहुणे आलेत, समोसे गार होतायत. मी म्हणते, चला.

"तुमच्या कॉलेजातलं कोण असेल, काकू?" यज्ञेशनं विचारलं.

"विद्यार्थ्यांपैकी कोणीतरी," मी म्हटलं. "मुलं टवाळ असतात."

तो क्षणभर माझ्याकडे बघत राहिला. बारा वर्षांपूर्वी मी त्यालाही तोच धडा दिला होता. लॉगिन न करता, छोटा लेख, खोटं वाक्य, खूण, उलटवा. त्यानं लॅपटॉप मिटला.

"असेल, काकू," तो म्हणाला.

त्याला कळलं होतं. त्यानं मला वाचवलं, आणि मी त्याला वाचवू दिलं.

५

तीन दिवस मी गप्प बसले. गणित सोपं होतं. गुपचूप वाक्य काढायचं, कात्रण जोडायचं, संपलं. पण ट्रस्टींच्या हातात पेपर आणि पुस्तक होतं, आणि कात्रणात दशरथ मेस्त्रींचं नाव नव्हतं. दोन छापील गोष्टींविरुद्ध एक निनावी ओळ. मी ट्रस्टी असते तर मीही म्हटलं असतं, संदर्भ पुरेसा नाही.

ते दोन्ही संदर्भ पोकळ आहेत हे सिद्ध करायचं तर मूळ कुठे आहे ते सांगावं लागणार होतं. आणि ते शपथेवर सांगू शकेल असं माणूस जगात एकच.

चौथ्या दिवशी बोरीवलीला गेले. जयंतीताईंनी दार उघडलं, आत या असं काही म्हणाल्या नाहीत, नुसत्या बाजूला झाल्या. खिडकीपाशी त्यांची आई, प्रेमाताई, ताटात भिजवलेले वाल सोलत होत्या. दिसत फारसं नव्हतं, बोटांनीच चाललं होतं. भिंतीवर दशरथ मेस्त्रींचा फोटो. स्टुडिओच्या गेटसमोर उभे, दोन्ही हात पाठीमागे.

मी बसले नाही. उभ्यानंच सगळं सांगितलं. शनिवार, वर्ग, गटारी, समोसे. पेपरचं कात्रण मीच जोडलं, तेही. यज्ञेशपाशी मुलांवर ढकललं, तेही. सांगताना आवाज ग्रंथपालासारखाच येत होता, त्याची मला जास्तच लाज वाटली.

जयंतीताईंचा चेहरा पांढरा पडला. "हसायला?" त्या एवढंच म्हणाल्या. "हसायला लिहिलंत?"

प्रेमाताईंची बोटं थांबली होती.

"पोरां हसली?" त्यांनी विचारलं.

"हो."

"किती होती?"

"अठरा."

त्यांनी मान हलवली, जणू हिशोब जुळला. मग म्हणाल्या, "अकरा वर्षां झाली. जावयान पेपर वाचून दाखवल्यान. आधी माका राग इलो. मगे वाटूक लागला, मी खय होतंय थय? मी घरात भाजी करी होतंय. पेपरवाल्यांका म्हायती असात. काय म्हायत, घेतल्यानी असात तेंनी थोडी."

"आई!" जयंतीताई ओरडल्या.

"गप ऱ्हव गो. तुका कधी सांगूक नाय." म्हातारीनं फोटोच्या दिशेनं तोंड वळवलं. "मी तेंका रोज इचारलंय. खरा काय ता सांगा, म्हणान. हात भाजले म्हणान ज्येंका मी सतरा महिने भरवलंय, त्या माणसाक मी इचारलंय."

बदनामी झाली, नाव गेलं, हे मला माहीत होतं. पण माझ्या एका वाक्यानं एका बायकोला अकरा वर्षं स्वतःच्या नवऱ्याची उलटतपासणी घ्यायला लावली होती, हे कुठल्याही इतिहासाच्या पानावर नोंदलेलं नव्हतं. "मला माफ करा" असं म्हणायला मी आले होते, ते म्हणायच्या आधीच मला रडू आलं.

"रडा नको," प्रेमाताई म्हणाल्या. "लिवन दी. तुझा नाव घालून. आणि त्या अठरा जणांका पण सांग."

६

अनुपमानं ते बुधवारी छापलं. पहिल्या पानावर नाही, पण चौकटीत. 'ते वाक्य मी लिहिले होते.' खाली माझं पूर्ण नाव, कॉलेजातलं पद, तारीख, वेळ. शेजारी सामंतांचं कात्रण, त्यांची चार ओळींची कबुली आणि प्रेमाताईंनी सांगितलेली आगीची हकिगत, त्यांच्या नावानिशी. अठरा जणांपैकी अकरा जणांचे पत्ते सापडले, त्यांना मी स्वतः कळवलं. ज्यानं गटारी सुचवली होती तो आता नाशिकला वकील आहे.

प्रचालकपद मी सोडलं. लेख दुरुस्त करायचा हक्क मला उरला नव्हता, तो यज्ञेशनं केला. जयंतीताईंचं दार उघडून दिलं. 'मुलगी असणे हा संदर्भ नव्हे' हे माझं उत्तर चर्चापानावरून काढू का, असं त्यानं विचारलं. मी नको म्हटलं. त्याखाली फक्त एक ओळ लिहिली, 'तिचं खरं होतं. मृणालिनी गुप्ते.'

शुक्रवारी ट्रस्टींनी नाव मंजूर केलं. पाटी लावायच्या कार्यक्रमाला मला बोलावणं नव्हतं, आणि ते बरोबरच होतं.

महिन्याभरानं जयंतीताईंचा फोन आला. आवाज कोरडाच होता. म्हणाल्या, आई रोज संध्याकाळी सात वाजता मोबाइलवर बाबांचं पान वाचून घेते. आता लेखात लिहिलंय, '१३ जानेवारी १९७८ रोजी भोगीच्या दिवशी लागलेल्या आगीतून त्यांनी दोन कामगारांना बाहेर काढले. त्यात त्यांचे दोन्ही हात भाजले.' पुढे छोटासा आकडा आहे, एक.

"मी तिथं थांबते," त्या म्हणाल्या. "आई म्हणते, खाली ता बारीक काय असा, ता पण वाच. मग मी संदर्भ वाचते. गुप्ते, मृणालिनी. 'ते वाक्य मी लिहिले होते.' मग आई फोटोकडे तोंड करते आणि म्हणते, ऐकलास मा?"

मी हातातलं पेन खाली ठेवलं.

"मग मला म्हणते, त्या बायचा नाव परत वाच. दोनदा वाचते मी, रोज. ती का ऐकते ते मी विचारलेलं नाही. तुम्हीही विचारू नका."

मी विचारलं नाही. संध्याकाळी सात वाजले की मी हातातलं काम ठेवते आणि नुसती बसून राहते. बोरीवलीत तेव्हा माझं नाव दोनदा घेतलं जातं.